टॅग केलंत, पण पोच घेतलीत का?

दोन वर्षांपूर्वीचा पावसाळा. आमच्या सोसायटीच्या गेटसमोर ड्रेनेजच्या चेंबरचं झाकण तुटलं. मी फोटो काढला, वर एक खवचट ओळ लिहिली, महापालिकेच्या हँडलला टॅग केलं आणि एक्सवर (म्हणजे आपलं जुनं ट्विटर) पोस्ट टाकून दिली. वीस मिनिटांत महापालिकेचं उत्तर आलं: 'आपली तक्रार संबंधित विभागाकडे पाठवण्यात आली आहे.' संध्याकाळपर्यंत चारशेच्या वर लाइक्स. मी खूश. दुसऱ्या दिवशी ऑफिसात स्क्रीनशॉट दाखवत फिरलो.

पुढचे अकरा दिवस काहीच झालं नाही. बाराव्या दिवशी रात्री पाऊस पडत असताना तळमजल्यावरच्या काकांची स्कूटर त्या चेंबरात गेली आणि काकांचं मनगट मोडलं.

काकूंनी मग काय केलं? एका कोऱ्या कागदावर अर्ज लिहिला, त्याची झेरॉक्स काढली आणि क्षेत्रीय कार्यालयात गेल्या. झेरॉक्सवर शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घेऊन परत आल्या. चार दिवसांनी पुन्हा गेल्या आणि तो नंबर दाखवून एवढंच विचारलं, "या अर्जाचं काय झालं?" त्यानंतर दोन दिवसांत नवं झाकण बसलं.

मी सॉफ्टवेअर इंजिनिअर. काकू मोबाइलवर यूट्यूब आणि व्हॉट्सॲप सोडून काही वापरत नाहीत. तरी त्यांची सिस्टीम चालली आणि माझी नाही. असं का झालं, हे समजून घ्यायचं असेल तर आपण टॅग केल्यावर पलीकडे काय होतं ते बघावं लागेल.

## सरकारी हँडलवर नेमकं काय चालतं?

सरकारी कार्यालयं सोशल मीडियावर आली ती काही मनाला येईल तशी नाही. केंद्राच्या इलेक्ट्रॉनिक्स आणि माहिती तंत्रज्ञान विभागाने एप्रिल २०१२ मध्येच सरकारी संस्थांसाठी एक मार्गदर्शक चौकट काढली होती. अकाउंट उघडायचा उद्देश काय, प्लॅटफॉर्म कोणता, संस्थेच्या वतीने कोण बोलणार, उत्तरं कशी द्यायची, आधी छोटा प्रयोग कसा करायचा, परिणाम कसा मोजायचा आणि ही व्यवस्था कायम कशी टिकवायची, या गोष्टी आधी ठरवा असं त्यात सांगितलं होतं.

आज कुठलंही सरकारी हँडल उघडा, चार प्रकारची कामं दिसतील.

पहिलं, माहिती आणि इशारे. लोकल उशिरा धावतायत, धरणातून पाणी सोडलंय, उद्या शाळा बंद आहेत. दुसरं, जनजागृती आणि थोडी प्रतिमा. मुंबई पोलीस डिसेंबर २०१५ मध्ये ट्विटरवर आले आणि हेल्मेट, पासवर्ड, ड्रग्ज अशा विषयांवरच्या त्यांच्या कोट्या देशभर फिरल्या. पोलीस हसवूही शकतात हे अनेकांना तेव्हा कळलं. तिसरं, लोकांची मतं मागवणं. केंद्राचं 'मायगव्ह' जुलै २०१४ मध्ये यासाठीच सुरू झालं. आणि चौथं, तक्रारी.

पहिल्या तीन कामांत बोलणं मुख्यतः सरकारकडून लोकांकडे जातं. एक पोस्ट टाकली की लाखोंपर्यंत पोहोचते. चौथ्या कामात उलटं होतं. लाखो लोक बोलतात आणि प्रत्येकाला वेगळं उत्तर, वेगळं काम हवं असतं. मीम बनवायला एक हुशार टीम पुरते. खड्डा बुजवायला डांबर, मजूर आणि कंत्राटदार लागतो. त्यामुळे एखादं हँडल पहिल्या तीन कामांत एकदम भारी आणि चौथ्यात ढ असू शकतं. पोस्ट छान आहेत म्हणून तक्रारीही छान सुटत असतील, असं धरून चालू नका.

## एका टॅगचा प्रवास

आधीच्या नोकरीत मी काही महिने अशाच एका तक्रार डॅशबोर्डच्या टीममध्ये होतो. क्लायंट कोण ते सोडून द्या, पण आतली रचना साधारण सगळीकडे सारखीच असते.

१. ऐकणं. एक सॉफ्टवेअर प्लॅटफॉर्मच्या एपीआयमधून त्या हँडलचे सगळे उल्लेख गोळा करतं. एपीआय म्हणजे एका सॉफ्टवेअरने दुसऱ्याकडून माहिती मागायची अधिकृत खिडकी. लहान कार्यालयात ही खिडकी नसते. तिथे एक कर्मचारी मोबाइलवर नोटिफिकेशन बघत बसलेला असतो.

२. गाळणं. गुड मॉर्निंगचे फोटो, राजकीय भांडणं, जाहिराती बाजूला काढायच्या. हे वाटतं तितकं सोपं नाही. 'खड्डा' हा शब्द रोमन लिपीत लोक चार प्रकारे लिहितात. आणि टोमणा मशिनला कळत नाही. 'वा, काय मस्त स्विमिंग पूल बांधलाय आमच्या रस्त्यावर!' ही पोस्ट आमच्या सिस्टीमने अभिनंदनात टाकली होती. शेवटी हे काम माणसालाच करावं लागतं.

३. तिकीट बनवणं. तक्रारीला एक नंबर देऊन ती डेटाबेसमध्ये टाकायची. साठ जणांनी एकाच खड्ड्याचा फोटो टाकला असेल, तर ती साठ तिकिटं की एक, हेही इथेच ठरतं.

४. योग्य टेबलावर पाठवणं. रस्ता कुणाचा, दिवा कुणाचा, गटार कुणाचं?

५. प्रत्यक्ष काम. कनिष्ठ अभियंता जागेवर जातो, कंत्राटदाराला सांगतो, काम होतं किंवा होत नाही.

६. बंद करणं. स्क्रीनवर तिकीट लाल रंगातून हिरव्यात जातं.

आपल्याला यातलं फक्त एक उत्तर दिसतं आणि ते बहुतेक वेळा दुसऱ्या-तिसऱ्या टप्प्यावर आलेलं असतं. माझ्या चेंबरच्या पोस्टला वीस मिनिटांत आलेलं उत्तर हे असंच होतं. मी ते सहाव्या टप्प्याचं समजून निवांत झालो.

चौथ्या टप्प्यावर खूप तक्रारी मरतात. मुंबईचं उदाहरण घ्या. एकाच शहरात रस्ते महापालिकेचे, एमएमआरडीएचे, सार्वजनिक बांधकाम विभागाचे, एमएसआरडीसीचे. पूर्व आणि पश्चिम द्रुतगती मार्ग २०२२ पर्यंत एमएमआरडीएकडे होते, नंतर महापालिकेकडे आले. गाडी चालवणाऱ्याला हे कसं कळणार? तो आपला महापालिकेला टॅग करतो आणि 'हा रस्ता आमच्या अखत्यारीत नाही' असं उत्तर घेऊन बसतो.

यावर मुंबई महापालिकेने २०१९ च्या पावसाळ्यात एक चांगला उपाय केला. आपल्या २४ प्रशासकीय विभागांसाठी ट्विटरवर वेगवेगळी हँडल्स काढली. म्हणजे दादर-धारावीची तक्रार थेट जी उत्तर विभागाला आणि अंधेरी पश्चिमेची के पश्चिमला. इंजिनिअरच्या नजरेने बघितलं तर हे चौथ्या टप्प्याचं काम थोडं नागरिकाकडे देणं आहे. पण त्याने फायदा दोघांचाही होतो, कारण तुमचा विभाग कुठला हे तुम्हाला एकदाच शोधावं लागतं.

## रेल्वे पटकन का ऐकते?

'महापालिका ऐकत नाही, पण रेल्वेला टॅग केलं की पुढच्या स्टेशनवर माणूस येतो,' हे तुम्हीही ऐकलं असेल. ते बऱ्याच अंशी खरं आहे. नोव्हेंबर २०१५ मध्ये शेगाव स्टेशनच्या आसपास गाडीत त्रास होत असलेल्या एका महिलेने तेव्हाचे रेल्वेमंत्री सुरेश प्रभू यांना ट्विट केलं आणि भुसावळला रेल्वे सुरक्षा दलाचे लोक तिच्या डब्यात पोहोचले. त्या काळात रेल्वेच्या ट्विटरची देशभर चर्चा होती. २०१६ मध्ये ट्विटरने भारतातल्या सरकारी विभागांसाठी 'ट्विटर सेवा' नावाची सोयही आणली, जी ट्विटचं तिकीट बनवून संबंधित अधिकाऱ्याकडे पाठवायची. पुढे रेल्वेने 'रेल मदद' ही एकच यंत्रणा केली. १३९ नंबर, ॲप, वेबसाइट, सोशल मीडिया, तक्रार कुठूनही आली तरी शेवटी तिथेच जमा होते आणि तिला संदर्भ क्रमांक मिळतो.

पण रेल्वेच्या वेगामागे फक्त इच्छाशक्ती नाही. एक तांत्रिक कारणही आहे: पीएनआर.

दहा आकडी पीएनआर दिला की गाडी कोणती, डबा कोणता, बर्थ कोणता, प्रवासी कुठून कुठे चाललाय, सगळं एका क्षणात कळतं. गाडी आत्ता कुठे आहे हेही रेल्वेला माहीत असतं. म्हणजे पुढचं स्टेशन कोणतं आणि तिथे ड्यूटीवर कोण आहे, हे काढायला कुणाला काही विचारावं लागत नाही. डेटाबेसच्या भाषेत पीएनआर ही 'की' आहे, म्हणजे एका नंबरवर सगळी माहिती उघडणारी किल्ली.

खड्ड्याला पीएनआर नसतो.

'स्टेशनजवळ मोठा खड्डा आहे, लाज वाटू द्या' या पोस्टमध्ये कुठलं स्टेशन, पूर्व की पश्चिम, कुठल्या दुकानासमोर, काहीच नाही. तुम्ही म्हणाल, फोटोत लोकेशन असतं की! फोनने काढलेल्या फोटोच्या फाइलमध्ये जागेची माहिती असू शकते, हे बरोबर. पण एक्सवर फोटो चढवताना ही माहिती काढून टाकली जाते. व्हॉट्सॲपवर नेहमीच्या पद्धतीने पाठवलेल्या फोटोचंही तेच होतं. तुमच्या प्रायव्हसीसाठी हे चांगलंच आहे, नाहीतर सेल्फीवरून घराचा पत्ता निघाला असता. पण पलीकडच्या कर्मचाऱ्याला फक्त पाण्याने भरलेला एक खड्डा दिसतो, जो महाराष्ट्रातल्या कुठल्याही गावातला असू शकतो. मग तो विचारतो, 'कृपया पत्ता कळवा.' आपण तोपर्यंत पुढच्या रीलवर गेलेलो असतो. तिकीट तिथेच मेलं.

म्हणूनच ग्रामपंचायतीपासून ठेकेदारापर्यंत सगळे 'जीपीएस मॅप कॅमेरा'सारखी ॲप्स वापरतात. त्यात अक्षांश-रेखांश, तारीख आणि वेळ फोटोवरच छापून येते, त्यामुळे फाइलमधली माहिती पुसली गेली तरी अडत नाही. आता आणखी एक पर्याय आहे. मे २०२५ मध्ये टपाल विभागाने 'डिजिपिन' आणला. देशातल्या साधारण ४ मीटर बाय ४ मीटरच्या प्रत्येक चौकोनाला १० अक्षरांचा कोड. म्हणजे खड्ड्यालाही एक प्रकारे पीएनआर मिळाला, फक्त तो आपण लिहायला हवा.

## 'क्लोज्ड' म्हणजे झालं असं नाही

आता थोडी कडू गोष्ट. मी ज्या डॅशबोर्डवर काम केलं, त्यात तक्रार संबंधित विभागाला 'फॉरवर्ड' केली की सोशल मीडिया टीमकडचं तिकीट बंद व्हायचं. टीमच्या दृष्टीने त्यांचं काम संपलं होतं. विभागाचं काम सुरूही झालेलं नसायचं. पण मीटिंगमधल्या मोठ्या स्क्रीनवर हिरव्या रंगाचा गोल दिसायचा आणि 'सरासरी प्रतिसाद वेळ' मिनिटांत असायची. सगळे समाधानी.

प्रतिसाद वेळ आणि निराकरण वेळ या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. प्रतिसाद वेळ कमी करायची तर ऑटो-रिप्लाय लावला की काम झालं, ती शून्य मिनिटांवर येते. निराकरण वेळ कमी करायची तर माणसं आणि पैसा लागतो. जे मोजलं जातं ते सुधारतं. फक्त उत्तरं मोजली तर उत्तरं सुधारतात, रस्ते नाही.

त्या डॅशबोर्डचा बंद करण्याचा नियम मीच कोडमध्ये लिहिला होता. स्पेसिफिकेशनमध्ये तसं होतं, मी प्रश्न विचारला नाही. काकांचं मनगट मोडलं तेव्हा हे पहिल्यांदा नीट लक्षात आलं. आमच्या महापालिकेचा डॅशबोर्ड मी बनवलेला नव्हता. पण माझ्या पोस्टला मिळालेलं उत्तर अगदी त्याच प्रकारचं होतं.

याउलट काकूंचा आवक क्रमांक बघा. तो कार्यालयाच्या आवक-जावक रजिस्टरमध्ये आहे. कागद कुठल्या टेबलावर गेला, कुठल्या तारखेला गेला, याची नोंद आहे. त्या नंबरवर माहिती अधिकारात प्रश्न विचारता येतो आणि वरच्या अधिकाऱ्याकडे तो घेऊन जाता येतं. टॅगवर यातलं काहीच आपोआप लागू होत नाही. कायद्यानेही या पोचेला किंमत दिली आहे. महाराष्ट्राच्या २०१५ च्या लोकसेवा हक्क कायद्यात अधिसूचित सेवेसाठी अर्ज केला की पोच द्यावी लागते, कामाची मुदत ठरलेली असते आणि मुदत टळली तर अपील करता येतं. खड्डा या कायद्यात बसेलच असं नाही, पण तत्त्व तेच: नोंद असेल तरच विचारणा करता येते.

## ज्याचे फॉलोअर्स जास्त, त्याचा खड्डा आधी?

टॅगिंगचा आणखी एक प्रश्न आहे आणि तो आपल्यासारख्या स्मार्टफोनवाल्यांना जरा टोचणारा आहे.

समजा दोन गल्ल्यांत दोन चेंबर उघडे आहेत. एका गल्लीत एक इन्फ्लुएन्सर राहते, दुसऱ्या गल्लीत धुणीभांडी करणाऱ्या बायका. पहिली पोस्ट व्हायरल होते, वर्तमानपत्रात येते, दुसऱ्या दिवशी झाकण बसतं. दुसऱ्या गल्लीतून दिवसाला जास्त माणसं जातात, पण तिथला चेंबर कुणाच्या टाइमलाइनवर नाही. महापालिकेकडे मजुरांची टीम एकच असेल तर ती कुठे जाणार?

२०२१ च्या एप्रिल-मे महिन्यांत हे आपण सगळ्यांनी फार जवळून पाहिलं. कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत टाइमलाइनवर बेड आणि ऑक्सिजनच्या विनवण्यांचा पूर आला होता. अनोळखी लोकांनी रात्रभर जागून मदत केली, जीव वाचवले, ते विसरता येणार नाही. पण मुंबईत बेड द्यायचं नियमित काम चालत होतं ते महापालिकेच्या २४ वॉर्ड वॉर रूममधून. वॉर रूमची यादी आणि ट्विटरची यादी यांत मूलभूत फरक आहे. एक यादी रुग्णाची अवस्था विचारते. दुसरीत वर कोण येणार ते रिट्विट ठरवतात.

याच काळात सर्वोच्च न्यायालयाने, ३० एप्रिल २०२१ ला, सोशल मीडियावर अशी अडचण मांडणाऱ्या नागरिकांवर कारवाई केली तर तो न्यायालयाचा अवमान समजू, असं सरकारांना बजावलं होतं. म्हणजे खरी अडचण जाहीरपणे मांडणं हा गुन्हा नाही, हे लक्षात असू द्या. पण मांडणं आणि नोंदवणं वेगळं, हेही लक्षात असू द्या.

## सरकार भाड्याच्या घरात राहतंय

अजून एक धोका असा की ही हँडल्स सरकारची असली तरी जागा खासगी कंपनीची आहे. घरमालकाने नियम बदलले की भाडेकरूला ऐकावं लागतं.

याचं चांगलं उदाहरण न्यूयॉर्कचं आहे. तिथली मेट्रो आणि बस चालवणारी एमटीए ही सरकारी संस्था गाड्यांच्या उशिराचे अपडेट वर्षानुवर्षं ट्विटरवर टाकत होती. २०२३ मध्ये ट्विटरने फुकट एपीआय बंद करून पैसे मागायला सुरुवात केली. एपीआयची खिडकीही मध्ये-मध्ये बंद पडायला लागली. एप्रिल २०२३ मध्ये एमटीएने सांगितलं की आम्ही आता गाड्यांचे अपडेट इथे देणार नाही, आमचं ॲप आणि वेबसाइट बघा. मग मे महिन्यात कंपनीने सरकारी इशाऱ्यांसाठी फुकट एपीआय परत दिला आणि एमटीएही परतली. त्याच वर्षी जुलैमध्ये ट्विटरने एका दिवसात किती पोस्ट वाचता येतील यावरही मर्यादा घातली होती.

आता कल्पना करा, मुंबईत २६ जुलैसारखा पाऊस आहे आणि तुमच्या ॲपवर 'आजची मर्यादा संपली' असं येतंय. म्हणून आपत्तीच्या वेळी फक्त टाइमलाइनवर विसंबून राहू नका. मुंबई महापालिकेच्या आपत्ती व्यवस्थापनाचा १९१६ हा नंबर आणि सगळीकडे चालणारा ११२ फोनमध्ये सेव्ह असू द्या.

व्हॉट्सॲप चॅटबॉटचं थोडं वेगळं आहे. मुंबई महापालिकेने जानेवारी २०२२ मध्ये तो सुरू केला आणि फेब्रुवारी २०२५ मध्ये राज्य सरकारनेही 'आपले सरकार' सेवा व्हॉट्सॲपवर आणण्यासाठी मेटासोबत करार जाहीर केला. जागा इथेही भाड्याचीच. पण चॅटबॉट पहिल्यापासून साच्यात माहिती विचारतो: विभाग कोणता, तक्रार कशाची, पत्ता काय. त्यामुळे गाळणं आणि वाटप या दोन टप्प्यांवरचा गोंधळ कमी होतो.

## मग आपण नेमकं काय करायचं?

टॅग करणं सोडायचं नाही. टॅगमुळे प्रश्न चारचौघांत येतो, दबाव तयार होतो आणि चांगला अधिकारी असेल तर कामही होतं. फक्त क्रम बदलायचा.

आधी नोंदवा, मग पोस्ट करा. महापालिकेचं ॲप, चॅटबॉट किंवा हेल्पलाइनवर तक्रार करून नंबर घ्या. राज्य सरकारच्या विभागासाठी 'आपले सरकार' पोर्टल आहे, तिथे टोकन मिळतं. केंद्राच्या विभागासाठी 'सीपीग्राम्स' आहे. ऑगस्ट २०२४ च्या सूचनांनुसार तिथल्या तक्रारींसाठी २१ दिवसांची मुदत आहे आणि उत्तर पटलं नाही तर अपील करता येतं. हा नंबर पोस्टमध्ये लिहा. 'तक्रार क्रमांक अमुक, तारीख अमुक, आज आठवा दिवस' असं लिहिलेल्या पोस्टला 'पाठवण्यात आली आहे' एवढंच उत्तर देणं अवघड जातं.

जागा इतकी स्पष्ट लिहा की नवखा माणूसही पोहोचेल. रस्त्याचं नाव, समोरचं दुकान, जाण्याची दिशा, डिजिपिन किंवा जीपीएस छापलेला फोटो. पथदिवा बंद असेल तर खांबावर रंगवलेला नंबर द्या. वीज गेली असेल तर महावितरणच्या बिलावरचा १२ आकडी ग्राहक क्रमांक ॲपवर किंवा हेल्पलाइनला द्या. रेल्वेत असाल तर १३९ किंवा 'रेल मदद'वर पीएनआर द्या.

एका पोस्टमध्ये एकच तक्रार. खड्डा, कचरा आणि भटकी कुत्री एकाच पोस्टमध्ये टाकली तर तीन विभागांपैकी एकाकडेच ती जाईल. आणि टोमणा मारायचाच असेल तर शेवटच्या ओळीत मारा, पहिल्या ओळीत काम लिहा.

आठवड्याने परत बघा. काम न होता तक्रार बंद केली असेल तर त्याच नंबरवर आजचा फोटो टाकून पुन्हा उघडायला सांगा. तरीही नाही झालं तर माहिती अधिकार. शुल्क १० रुपये, महाराष्ट्रात ऑनलाइन अर्जही करता येतो आणि उत्तराची मुदत ३० दिवस. त्यात एवढंच विचारा: या क्रमांकाच्या तक्रारीवर कोणत्या तारखेला, कोणत्या अधिकाऱ्याने, काय कार्यवाही केली?

## पीएनआर आणि फोन नंबर जाहीर टाकू नका

हे वेगळं सांगायला हवं, कारण यात पैसे जातात. तुम्ही सरकारी हँडलला टॅग करून तक्रार टाकली की ती फक्त सरकारच वाचतं असं नाही. ठग 'रिफंड', 'तिकीट', 'बिल' असे शब्द शोधत बसलेले असतात. २०२३ च्या सुरुवातीला मुंबईतल्या एका महिलेने रेल्वे तिकिटाचे तपशील फोन नंबरसकट ट्विटरवर टाकले. थोड्या वेळाने 'कस्टमर केअर'मधून फोन आला, लिंकवर माहिती भरायला सांगितली आणि खात्यातून सुमारे ६४ हजार रुपये गेले.

म्हणून पीएनआर, ग्राहक क्रमांक, मोबाइल नंबर हे अधिकृत ॲपमध्ये, किंवा खऱ्या हँडलच्या डीएममध्येच द्या. खरं हँडल कसं ओळखायचं? एक्सवर निळी टिक आता पैसे भरून मिळते. सरकारी संस्थांसाठी करडी टिक असते. पण सगळ्या छोट्या कार्यालयांकडे ती नाही, म्हणून त्या विभागाच्या वेबसाइटवरून हँडलपर्यंत जाणं सगळ्यात सुरक्षित. तक्रार सोडवण्यासाठी ओटीपी, यूपीआय पिन किंवा स्क्रीन शेअर कुठलंही सरकारी कार्यालय मागत नाही. चुकून पैसे गेलेच तर लगेच १९३० ला फोन करा.

## काकूंचं ॲप

हे सगळं कळल्यावर मी आमच्या सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपसाठी एक साधी शीट बनवली. तारीख, तक्रार काय, कुठल्या विभागाकडे, नंबर, पुढची विचारणा कधी, फोटो. सरकारचा डॅशबोर्ड मी बदलू शकत नाही, पण आमच्या शीटमध्ये 'फॉरवर्ड केलं' म्हणजे 'बंद' नाही. जागेवर जाऊन कुणीतरी फोटो काढला तरच ओळ हिरवी करायची, हा नियम काकूंनी घातलाय.

मागच्या महिन्यात आमच्या सोसायटीत कामाला येणाऱ्या एका ताईंनी त्यांच्या वस्तीतला बंद दिवा सांगितला. त्यांच्याकडे साधा बटणांचा फोन आहे. खांबाचा नंबर त्यांनी हातावर पेनाने लिहून आणला होता. मी ॲपवर तक्रार टाकली, नंबर शीटमध्ये लिहिला आणि त्यांनाही कागदावर लिहून दिला. पाचव्या दिवशी दिवा लागला. पोस्ट टाकायची गरजही पडली नाही.

तुमच्या फोनमध्येही ते ॲप आहे आणि तुमच्या आसपासही अशी कुणीतरी ताई असेल जिच्या फोनमध्ये ते नाही. पुढच्या वेळी टॅग करण्याआधी दोन मिनिटं काढा, नंबर घ्या. जमलं तर तिच्या गल्लीसाठीही घ्या.